सहाशे सहा डॉलर सतरा सेंट: ‘ब्लीच’चा जमाखर्च

निर्वाना या अमेरिकी रॉक बँडच्या ‘ब्लीच’ या पहिल्या अल्बमच्या वेष्टनावर श्रेयनामावलीत एक ओळ आहे. तिचा मतलब असा: सिअ‍ॅटलच्या रेसिप्रोकल रेकॉर्डिंग या स्टुडिओत जॅक एन्डिनोने रेकॉर्ड केलं, सहाशे डॉलरमध्ये. रेकॉर्डच्या वेष्टनावर खर्च छापायची रीत नाही. इथे तो मुद्दाम छापलाय, आणि छापणाऱ्यांचा हेतू पुरता साधला. ‘ब्लीच’चं नाव काढलं की आजही आधी तोच आकडा निघतो. नेमका सांगायचा तर ६०६ डॉलर १७ सेंट, तीस तासांचं बिल. म्हणजे तासाला वीस डॉलरच्या थोडं वर.

या आकड्याभोवती जी कथा गुंफली जाते ती ओळखीची आहे: खिसा रिकामा, अंगात धमक, आणि त्यातून इतिहास. मला ती अर्धवट वाटते. आकडा खोटा नाही, पण तो कशाकशाचा आहे, कोणी भरला, कोणाला परत मिळाला आणि कोणाला नाही, हे एकेक करून विचारायला लागलं की वहीत भलत्याच नोंदी सापडतात. आणि या सगळ्या व्यवहाराचा निकाल लावणारी गोष्ट स्टुडिओत घडलेलीच नाही. ती घडली एका करारपत्रामुळे, जे देण्याची लेबलला, म्हणजे रेकॉर्ड काढणाऱ्या कंपनीला, मुळात सवयच नव्हती.

आधी लेबलबद्दल, म्हणजे ‘ब्लीच’ काढणाऱ्या सब पॉपबद्दल. ब्रूस पॅव्हिटने १९८० मध्ये वॉशिंग्टन राज्यातल्या ऑलिंपियात ‘सबटेरेनियन पॉप’ नावाचं हौशी नियतकालिक सुरू केलं. त्याचंच पुढे ‘सब पॉप’ झालं. १९८६ मध्ये ‘सब पॉप १००’ हा संकलित अल्बम, १९८७ मध्ये ग्रीन रिव्हर आणि साउंडगार्डन या बँडच्या छोट्या रेकॉर्डी. जॉनथन पोनमन भागीदार म्हणून आला आणि १ एप्रिल १९८८ रोजी रीतसर कंपनी उभी राहिली. तारीख एप्रिल फूलची आहे हे दोघांनाही कळत होतं. त्यांचा धंदा असा चाले: थोड्या प्रती काढायच्या, त्या दुर्मिळ आहेत असं ओरडून सांगायचं, सगळ्या रेकॉर्डींना एकसारखं रूप द्यायचं, चार्ल्स पीटरसनचे केस उडणारे, घामेजलेले काळेपांढरे फोटो लावायचे, आणि आपण जगातलं सर्वांत मोठं लेबल असल्याच्या थाटात वागायचं. बँकेत शिल्लक किती, हा प्रश्न शेवटी. बँडशी व्यवहार बहुतेक तोंडी. साउंडगार्डन १९८८ मध्येच दुसऱ्या लेबलकडे गेली, तेव्हा तिला अडवायला किंवा सोडण्याची किंमत मागायला सब पॉपकडे दीर्घ मुदतीचा कागदच नव्हता. हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

आता बँड. गायक-गिटारवादक कर्ट कोबेन आणि बासवादक क्रिस्ट नोवोसेलिच एबर्डीनचे, लाकूडतोडीच्या धंद्यावर जगणारं आणि तो धंदा बसल्यावर बसलेलं गाव. २३ जानेवारी १९८८ रोजी ते एन्डिनोच्या स्टुडिओत आले. स्टुडिओ बॅलर्ड भागातल्या एका त्रिकोणी इमारतीत, आठ ट्रॅकचं यंत्र. स्वतःचा ड्रमर तेव्हा नव्हता, म्हणून मेल्विन्स या बँडचा डेल क्रोव्हर वाजवायला आला. एका दुपारीत दहा गाणी. शेवटचं गाणं चालू असताना रील संपलं. दुसरं रील घ्यायचं का, असं विचारल्यावर त्यांनी नको म्हटलं, कारण पैसे. एन्डिनोने ते गाणं आवाज उतरवत अर्ध्यातच मिटवून टाकलं. बिल झालं १५२ डॉलर ४४ सेंट. ते कोबेनने साफसफाई कामगार म्हणून मिळवलेल्या पगारातून दिलं. रील वाचवायला गाणं कापलं, हा प्रसंग मला ‘सहाशे डॉलर’पेक्षा जास्त बोलका वाटतो. गरिबी तिथे खरोखर ऐकू येते.

कोबेनचा आवाज ऐकून चमकलेल्या एन्डिनोने टेप पोनमनला दिली. पोनमन खूश, पॅव्हिट साशंक. शेवटी नोव्हेंबर १९८८ मध्ये ‘लव्ह बझ’ हे सिंगल, म्हणजे एकेका गाण्याची छोटी रेकॉर्ड, आलं, शॉकिंग ब्लू या डच बँडच्या गाण्याची निर्वानाने केलेली आवृत्ती. हजार प्रती, प्रत्येकीवर हाताने घातलेला क्रमांक, आणि ‘सिंगल्स क्लब’ या नव्या वर्गणी योजनेचा पहिला अंक म्हणून. योजनेतली खुबी बघा: ग्राहक पैसे आधी देतो, लेबल त्यातून रेकॉर्ड नंतर काढतं. म्हणजे चाहत्यांकडूनच बिनव्याजी भांडवल. सब पॉपची अर्धी हुशारी दुसऱ्याचे पैसे आधी कसे येतील यात होती. पुढच्या अल्बममध्येही तेच घडलं.

स्टुडिओतले तीस तास

अल्बमचं काम २४ डिसेंबर १९८८ ला सुरू झालं, नाताळच्या आदल्या दिवशी. मग २९ ते ३१ डिसेंबर आणि पुढच्या महिन्यात १४ आणि २४ जानेवारी. ड्रमवर आता चॅड चॅनिंग. पहिल्या दिवशीचं बरंचसं काम वाया गेलं. गिटार आधीच खालच्या सुरात लावलेल्या आहेत हे विसरून त्यांनी त्या आणखी उतरवल्या. तारा इतक्या सैल की सूर धरवेना. त्या दिवसाच्या कामातून अल्बममध्ये टिकलं ते ‘ब्लू’ एवढंच, आणि अल्बमची सुरुवात नेमकी त्यानेच होते. तो लडबडलेला, जमिनीला टेकलेला गिटारचा आवाज लोक शैली म्हणून ऐकतात. चुकीचं ट्यूनिंग आणि पुन्हा करायला वेळ नाही, एवढंच त्याचं मूळ. चूक राहू द्यायला मात्र कान लागतो, तो त्यांच्याकडे होता.

शब्दांची गत तशीच. बरेचसे शब्द रेकॉर्डिंगच्या आदल्या रात्री लिहिल्याचं कोबेनने नंतर सांगितलं, आणि त्या वेळी आपल्याला शब्दांची फारशी पर्वा नव्हती असंही. ते ऐकूच येतं. ‘स्कूल’मध्ये मोजून तीन-चार ओळी फिरत राहतात. सिअ‍ॅटलचं संगीतविश्व शाळेतल्या कंपूंसारखं झालंय, ही तक्रार, बाकी किंचाळी. मला ‘स्कूल’ आवडतं, पण दुसऱ्या बाजूची दोन-तीन गाणी एकमेकांत मिसळून जातात हे कबूल केलं पाहिजे. सब पॉपला जड, चिखलासारखा आवाज हवा होता, आणि बँडने तो पुरवला. अपवाद एकच, ‘अबाउट अ गर्ल’. कोबेनने बीटल्सचा अल्बम पुन्हा पुन्हा ऐकून लिहिलेलं, सरळ चालीचं, गुणगुणता येणारं प्रेमगाणं. अशा अल्बममध्ये ते घालणं ही जोखीमच होती. हा बँड पुढे कुठे जाणार हे त्या तीन मिनिटांत कळतं, उरलेल्या गाण्यांत तो कुठून आला ते.

आता आकड्याकडे. १९८९ च्या मूळ अमेरिकी आवृत्तीत अकरा गाणी आहेत. त्यातली ‘फ्लॉइड द बार्बर’ आणि ‘पेपर कट्स’ ही जानेवारी १९८८ च्या त्या १५२ डॉलरवाल्या टेपवरची, ड्रमवर क्रोव्हर. चॅनिंगबरोबर ती पुन्हा करून पाहिली, जमली नाहीत, म्हणून जुनीच घेतली. ‘लव्ह बझ’ सिंगलच्या वेळचं, १९८८ च्या उन्हाळ्यातलं. अकरातून तीन गेली, उरली आठ. म्हणजे ६०६ डॉलर १७ सेंट हा आठ गाण्यांचा खर्च आहे, अल्बमचा नव्हे. नुसती त्या जुन्या टेपची रक्कम मिळवली तरी बेरीज ७५८ डॉलर ६१ सेंट होते, आणि सिंगलचा खर्च वेगळाच. रक्कम तरीही किरकोळ आहे, मान्य. पण जाहिरातीतला आकडा आणि वहीतला आकडा यांत इथेच पहिली फट दिसते.

पैसे कोणाचे?

ना बँडचे, ना लेबलचे. बिल भरलं जेसन एव्हरमनने. तो त्यांच्या ओळखीतला. अलास्कात मासेमारीच्या बोटींवर काम केल्याने त्याच्या हातात रोकड होती. गरजेच्या वेळी त्याने पैसे पुढे केले, आणि थोड्याच दिवसांत तो दुसरा गिटारवादक म्हणून बँडमध्ये आला. वेष्टनावर त्याचं नाव गिटारवादक म्हणून आहे, मुखपृष्ठाच्या फोटोत त्याचे लांब केस सगळ्यांत उठून दिसतात. अल्बममध्ये त्याने एकही सूर वाजवलेला नाही. त्याला घरचा माणूस वाटावं म्हणून नाव घातलं, असं बँडने नंतर सांगितलं.

रेकॉर्ड क्षेत्रात स्टुडिओचा खर्च लेबल उचलतं आणि विक्रीतून वळता करून घेतं. इथे ते ओझं एका मित्राच्या खिशावर गेलं, तेही तोंडी, हातउसने. १९८९ च्या उन्हाळ्याच्या दौऱ्यात त्याचं आणि बाकीच्यांचं पटेना. न्यूयॉर्कच्या कार्यक्रमानंतर बँडने पुढच्या तारखा रद्द केल्या, आणि देशाच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत गाडी हाकत सगळे जवळपास अबोल परतले. त्याला जा असं कोणी तोंडावर सांगितलंसुद्धा नाही. उसने पैसे परत गेले नाहीत, हे बँडनेही नंतर मान्य केलं.

दुसरं नाव या हिशेबात कोणी घेत नाही: ट्रेसी मॅरँडर. कोबेनची तेव्हाची मैत्रीण, ऑलिंपियात त्याच्याबरोबर राहणारी. ती बोइंगच्या उपाहारगृहात काम करायची आणि घर तिच्या पगारावर चालायचं. कोबेन घरी बसून गाणी करत होता ते त्यामुळे. मुखपृष्ठाचा फोटोही तिनेच ऑलिंपियातल्या एका कलादालनातल्या कार्यक्रमात काढलेला, अल्बमवर तो निगेटिव्ह स्वरूपात छापला. आणि ‘अबाउट अ गर्ल’ तिच्यावरच आहे, हे कोबेनने तिला कधी सांगितलं नव्हतं. सहाशे डॉलरच्या बिलात तिचं घरभाडं धरलेलं नाही. स्वस्तात झालेल्या कामाचा हिशेब बहुधा असाच असतो: कोणाचा तरी पगार वहीबाहेर राहतो.

बँडच्या नावाची ती उभट, अरुंद अक्षरंही तशीच. टाइप जुळवणाऱ्याच्या यंत्रात त्या वेळी ऑनिक्स नावाचा टाइप बसवलेला होता, म्हणून नाव त्यात. निर्वानाची ती ओळख झाली आणि आजपर्यंत टिकली. यंत्रात वेगळा टाइप असता तर आज लाखो टी-शर्ट वेगळे दिसले असते.

अल्बमचं नाव आधी ‘टू मेनी ह्यूमन्स’ होतं. १९८९ च्या फेब्रुवारीत सॅन फ्रान्सिस्कोत एड्सविरोधी फलक दिसले. नशा करणाऱ्यांनी सुया ब्लीचने धुवाव्यात, असं त्यांवर होतं. तिथून नाव आलं.

कागद

गाणी जानेवारीअखेर तयार होती, अल्बम आला १५ जूनला. मधल्या काळात पॅव्हिटने गाण्यांचा क्रम बदलायला लावला आणि छपाईला पैसेही नव्हते. मार्चमध्ये मात्र याच लेबलने लंडनच्या ‘मेलडी मेकर’ साप्ताहिकाचा पत्रकार एव्हरेट ट्रू याला स्वतःच्या खर्चाने सिअ‍ॅटलला आणलं. अल्बम छापायला दमडी नाही आणि पत्रकाराला विमानाचं तिकीट! ऐकायला हा मूर्खपणा वाटतो. पण त्या लेखनामुळे ब्रिटनमध्ये सिअ‍ॅटलच्या आवाजाची हवा झाली, आणि वर्षअखेरीस टॅड या बँडबरोबर निर्वानाला युरोपात श्रोते मिळाले ते त्या हवेवर. पॅव्हिट-पोनमन जाहिरातीत चुकले असं मला म्हणवत नाही. त्यांची चूक वहीत होती.

याच सुमारास बँडच्या मनात शंका बसू लागली: रेकॉर्डी विकल्या जातायत म्हणतात, मग पैसे कुठे आहेत? एका रात्री नोवोसेलिच भरपूर पिऊन पॅव्हिटच्या दारात जाऊन धडकला आणि करार हवाच म्हणून आरडाओरडा केला. साडेसहा फुटांवर उंची, त्यात नशेत. सब पॉपने करार बनवला: एक वर्षाचा, आणि पुढची दोन वर्षं वाढवण्याचा पर्याय. इतक्या मुदतीचा करार सब पॉपने त्याआधी कोणत्याही बँडशी केलेला नव्हता.

या प्रसंगाची गंमत अशी की कागद मागितला बँडने, स्वतःच्या रक्षणासाठी. लेबलला तो लचांड वाटला असणार. करारावर अवलंबून राहणं हे त्या मंडळींच्या लेखी बड्या कंपन्यांचं लक्षण, आपण मित्र-मित्र. मित्रांमित्रांत कागद नसला की काय होतं, ते एव्हरमनला लवकरच कळणार होतं.

प्रकाशनानंतर सांगण्यासारखं मोठं काही घडलं नाही. पहिल्या हजार प्रती पांढऱ्या रेकॉर्डीवर निघाल्या. विद्यापीठांच्या रेडिओ केंद्रांवर गाणी वाजली. ‘नेव्हरमाइंड’ हा बँडचा दुसरा अल्बम येईपर्यंत अमेरिकेत साधारण चाळीस हजार प्रती गेल्या, स्वतंत्र लेबलच्या मानाने चांगल्याच. बँडचा त्रास वेगळा होता. ते गावोगाव वाजवत, कार्यक्रमानंतर लोक येऊन सांगत की तुमची रेकॉर्ड दुकानात मिळत नाही. वितरण तोकडं, हिशेबपत्रकं नीट येत नाहीत. रोमच्या कार्यक्रमात कोबेन इतका थकलेला आणि वैतागलेला होता की गिटार फोडून स्पीकरच्या रचलेल्या ढिगावर चढला आणि बँड सोडतो म्हणाला. पोनमनने त्याला नवी गिटार घेऊन दिली. गिटारला पैसे होते, हिशेबाला माणूस नव्हता.

एप्रिल १९९० मध्ये सब पॉपने दुसऱ्या अल्बमसाठी त्यांना विस्कॉन्सिनमधल्या मॅडिसनला, निर्माता बुच विगच्या स्मार्ट स्टुडिओत पाठवलं. तिथली टेप मोठ्या कंपन्यांच्या हाती फिरू लागली. त्याच वेळी सब पॉप स्वतःच एका बड्या कंपनीशी वितरणाची बोलणी करतंय, हे बँडला कळलं. त्यांचं गणित साधं झालं: बड्या घरीच जायचं तर मधल्या दलालासकट कशाला? चॅनिंग गेला, सप्टेंबरमध्ये ड्रमवर डेव्ह ग्रोल आला, आणि बँड गेफन या बड्या कंपनीच्या डीजीसी लेबलकडे वळला.

इथे तो कागद बाहेर आला. करार असल्याने गेफनला निर्वाना फुकट नेता येईना. सब पॉपला सुमारे ७५ हजार डॉलर मिळाले, पुढच्या अल्बमांच्या विक्रीत दोनेक टक्क्यांच्या आसपास वाटा मिळाला आणि ‘नेव्हरमाइंड’च्या मागे सब पॉपचं बोधचिन्ह छापायचं ठरलं. त्या वेळी लेबलची अवस्था काय होती? बिलं थकलेली, माणसं कमी केलेली, आणि ‘आमच्याकडे पैसे नाहीत यातलं तुम्हाला काय कळत नाही’ अशा अर्थाचं वाक्य छापलेले टी-शर्ट विकून पैसे मागणाऱ्यांची थट्टा चाललेली. २४ सप्टेंबर १९९१ ला ‘नेव्हरमाइंड’ आला. सुरुवातीला दुकानांत गेलेल्या प्रती पन्नास हजारांच्याही आत. ११ जानेवारी १९९२ च्या बिलबोर्ड यादीत, म्हणजे अमेरिकेतल्या अल्बमविक्रीच्या क्रमवारीत, तो पहिला, मायकल जॅक्सनला खाली ढकलून. ते दोन टक्के आता कशाचे दोन टक्के आहेत, हे सब पॉपच्या कचेरीत कोणाला तरी गणकयंत्रावर पाहावं लागलं असणार.

त्यात ‘ब्लीच’ सब पॉपकडेच राहिला. नव्या श्रोत्यांनी मागे वळून तो घेतला. १९९२ ची पुनर्आवृत्ती बिलबोर्डवर ८९ व्या क्रमांकापर्यंत चढली. पुढे अमेरिकेतच सतरा लाखांवर प्रती खपल्या, आणि सब पॉपच्या यादीत सर्वाधिक विकली गेलेली रेकॉर्ड तीच. १९९५ मध्ये वॉर्नर या बड्या संगीत कंपनीने सब पॉपचा ४९ टक्के हिस्सा घेतला, तेव्हा चर्चेतली रक्कम दोन कोटी डॉलरच्या घरातली होती.

कोणी म्हणेल, ‘नेव्हरमाइंड’ गाजलाच नसता तर? मग कागदाची किंमत ७५ हजारांवर थांबली असती. तरीही लेबल काही महिने तगलं असतं, आणि त्याला तेव्हा महिन्यांचीच गरज होती. उलट बाजूने पाहा. कागद नसता आणि ‘नेव्हरमाइंड’ तितकाच गाजला असता, तर ‘ब्लीच’ची विक्री वाढली असती हे खरं. पण ती वाढेपर्यंत प्रती छापायला लेबल शिल्लक असतं का, याची मला शंका आहे. म्हणून सहाशे डॉलरच्या अल्बमने सब पॉपला तारलं असं म्हणणाऱ्यांशी मी भांडतो. अल्बम महागात झाला असता तरी तेच घडलं असतं. नोवोसेलिच त्या रात्री शुद्धीत घरी बसला असता, तर कदाचित नसतं.

एव्हरमन पुढे काही काळ साउंडगार्डनमध्ये बास वाजवायला गेला, तिथूनही त्याला काढलं. दोन्ही बँड जगभर गाजले ते तो गेल्यावर. १९९४ मध्ये तो अमेरिकी लष्करात भरती झाला, आधी रेंजर, मग स्पेशल फोर्सेस, अफगाणिस्तान आणि इराक. नंतर कोलंबिया विद्यापीठातून त्याने तत्त्वज्ञानाची पदवी घेतली. ‘ब्लीच’ची २००९ ची विसाव्या वर्षाची आवृत्ती निघाली, गाणी नव्याने साफ केली, पोर्टलंडमधला १९९० चा एक कार्यक्रम जोडला. मुखपृष्ठ मात्र तेच, आणि न वाजवलेला गिटारवादक त्यात अजून केस उडवत उभा आहे.